अरुंधती बाहेर पडली, ओटा कोणाकडे गेला?

मंडळी, आता 'आई कुठे काय करते!' या मालिकेकडे येऊ. शीर्षकाच्या शेवटी प्रश्नचिन्ह नाही, उद्गारचिन्ह आहे. म्हणजे विचारणाऱ्याला उत्तर नकोच आहे. 'ती काय, घरीच तर असते' असं आपण सहज बोलून जातो ना, तोच हा सूर.

मालिका डिसेंबर २०१९ मध्ये स्टार प्रवाहवर सुरू झाली, जवळपास पाच वर्षं चालली. मूळ कथा बंगाली 'श्रीमोयी'ची. हिंदीत तिचीच 'अनुपमा' झाली. योगायोग बघा, त्याच २०१९ साली केंद्र सरकारनं लोकांचा वेळ कुठे जातो याची देशभर पाहणी केली. घरकाम करणाऱ्या बायकांची दिवसाची सरासरी निघाली २९९ मिनिटं, पुरुषांची ९७. आणि ही ९७ मिनिटं फक्त घरकाम करणाऱ्या पुरुषांची. बहुतेक पुरुष ते करतच नाहीत.

मालिकेनं हे पाच तास दाखवले का? सुरुवातीला थोडेफार दाखवले. मधुराणी प्रभुलकरांनी अरुंधतीचं ते राबणं ओळखीचं करून टाकलं. पण रोजच्या मालिकेला प्रेक्षक उद्या परत यायला हवा असतो. ओटा पुसण्यात कसली आली उत्कंठा? ती अनिरुद्ध-संजनाच्या प्रकरणात आहे. मग काम मागे गेलं आणि अपमान पुढे आला.

पुढे घटस्फोट, गाणं, स्वतःची कमाई, आशुतोषशी लग्न. मोठ्या मुलांच्या आईनं पुन्हा लग्न करणं, तेही घरोघरी जेवणाच्या वेळी बघितल्या जाणाऱ्या मालिकेत, ही लहान गोष्ट नव्हे. त्याचं श्रेय द्यायलाच हवं.

माझा आक्षेप वेगळाच आहे. अरुंधती बाहेर पडली तेव्हा आपण म्हणालो, 'आता ती काहीतरी करते!' म्हणजे आधीची पंचवीसेक वर्षं ती काही करत नव्हती? अनिरुद्धचं मत आपणही नकळत मान्य केलं की!

आणि देशमुखांच्या घरातली विमल? घरकाम तीही करते, पगारावर. पण तिच्या स्वतःच्या घरची चूल कथेच्या मध्यभागी कधी आली नाही. शीर्षकातला प्रश्न तिच्याबद्दल कुणी विचारलाच नाही.

तुम्ही म्हणाल, ही मालिका आहे, सरकारी पाहणी नव्हे. मान्य. पण हे शीर्षक मालिकेनंच निवडलंय. तेव्हा आज घरी गेल्यावर कुठलीही मालिका लावा आणि एवढंच बघा: चहा आणणारी दिसते, रिकामे कप कोण उचलतं?