कपाट घेऊन कुठं जायचं?

समुद्रातनं दोन माणसं बाहेर येतात. दोघांच्या हातात एक भलंमोठं आरशाचं कपाट. कुठनं आले, कशाला आले, कुणी सांगत नाही. सिनेमात कुणी बोलतच नाही. पंधराएक मिनिटं नुसतं कोमेदाचं संगीत.

रोमान पोलान्स्कीनं लोद्झच्या फिल्म स्कूलात शिकताना १९५८ साली काढलेला हा पोलिश लघुपट, ‘दोन माणसं आणि एक कपाट’. पहिल्यांदा पाहताना मीही हसलो. ट्रामच्या दाराशी मात्र हसू अडकलं. ट्राममध्ये घेत नाहीत, खानावळीत बसू देत नाहीत, हॉटेलात खोली देत नाहीत. असं दारातनं परत फिरणं ज्यानं सोसलंय त्याला ही नुसती गंमत वाटेल कशी?

आणि त्याच गावात खिसे कापले जातात, दगडानं माणूस ठेचला जातो. त्यांना कुणी हटकत नाही. गावाला अडचण एवढीच, की ह्या दोघांकडं कपाट आहे! टवाळ पोरांची टोळी एका पोरीच्या मागं लागते. तिला ती आरशात दिसते, ती निसटते. मग मार कुणाला? कपाटवाल्यांना. आरसाही फुटतो. त्या टोळीत खुद्द पोलान्स्की आहे. १९७७ साली अमेरिकेत ह्याच माणसानं अल्पवयीन मुलीशी शरीरसंबंधाचा गुन्हा कबूल केला, १९७८ साली शिक्षा व्हायच्या आत पळाला. हे ठाऊक असल्यावर तो प्रसंग सरळ पाहवत नाही. पाहायचा मात्र.

कपाटाला जात म्हणून मोकळं होऊ नका. कपाट खाली ठेवता येतं. दोघं ते आडवं करून त्यावर मासा खातात. आरशात आभाळ, मासा ढगांतनं पोहतोय असं वाटतं. अख्ख्या सिनेमात सुखाचा घास तेवढाच.

माझं भांडण शेवटाशी आहे. पिंपांच्या आवारात रखवालदाराचाही मार खाऊन दोघं गुमान समुद्रात परत जातात. एक शिवी नाही. ज्यांना जायला समुद्र आहे त्यांनी जावं. गावातच राहणाऱ्यांनी काय करायचं, ह्याला पोलान्स्कीकडं उत्तर नाही.

तरी किनाऱ्यावर एक पोरगं वाळूचे मुटके मांडून बसलंय, रांगाच्या रांगा. एवढा मार खाल्लेले हे दोघं कपाट सांभाळत, पाय जपत त्यांतनं वाट काढतात. एकही मुटका मोडत नाही.