काट्याच्या टोकावरची गावे

गिरगावातल्या फणसवाडीत माझे बालपण गेले. वाडीत व्यंकटेशाचे देऊळ, आणि चालत जाण्याच्या अंतरावर डाबूळचे संत फ्रान्सिस झेवियर यांचे चर्च. चाळीत गणेशोत्सवात भजन रंगत असे. ज्ञानदेवांच्या नावावर असलेली, काट्याच्या अणीवर वसलेल्या तीन गावांची ती प्रसिद्ध रचना सुरू झाली की आम्ही ख्रिस्ती घरांतली मुलेही पुढे सरकून बसत असू. आम्हांला तिचे हसू येई. आता पन्नाशी उलटल्यावर तीच रचना मला विचारात पाडते. तिच्याविषयी, आणि विरोधाभास या गोष्टीच्या सामर्थ्याविषयी, येथे थोडे लिहावयाचे आहे.

त्या कल्पित जगात एकही गोष्ट धड नाही. तीन गावांपैकी दोन उजाड, तिसऱ्यात वस्तीच होत नाही. तरी तेथे तीन कुंभार येतात. दोघे थोटे, तर तिसऱ्याच्या हातून काही घडत नाही. तरीही मडकी होतात, ती कच्ची राहतात. त्या कच्च्या मडक्यांत मूग रांधले जातात, ते शिजत नाहीत. आणि त्या न शिजलेल्या अन्नाला पाहुणेही येतात.

सेमिनरीत तर्कशास्त्राच्या पहिल्याच पाठांत आम्हांला शिकविले गेले की, एकच गोष्ट एकाच वेळी आणि एकाच अर्थाने आहे व नाही, असे होऊ शकत नाही. ॲरिस्टॉटलचा हा नियम प्रमाण मानला तर वरील रचना निव्वळ बडबड ठरते. आपले अलंकारशास्त्र अधिक उदार आहे. ते याला विरोधाभास म्हणते. म्हणजे विरोध केवळ वरवरचा, अर्थ उमगला की तो विरून जातो. आपले निरूपणकारही हीच वाट धरतात. तीन गावे म्हणजे तीन गुण, अशी जुळणी करून ते कोडे सोडवून देतात.

माझा मतभेद येथेच आहे. कोडे सुटले की त्याचे बळही सरते. रचनेची घडण नीट पाहावी. प्रत्येक कडव्याच्या शेवटी जे घडत नाही, तेच उचलून पुढच्या कडव्याचा आरंभ होतो. जे वसत नाही तेथेच कुंभार येतो. नकार हाच पुढच्या घटनेचा जन्मदाता. एखाद्या कडव्यात मूग शिजले असते, तर पाहुणे जेवून निघून गेले असते आणि कविता तेथेच संपली असती. याचा अर्थ, या जगात विरोध हा शोभेचा दागिना नव्हे. हे जग ज्यावर चालते ती शक्तीच तो आहे. अखेरीस कवी सांगतो की, सद्गुरूवाचून हे कळणार नाही. म्हणजे शेवटचा नकार श्रोत्याच्या वाट्याला येतो. न शिजलेल्या मुगांना हसता हसता आपण स्वतःच त्या गावचे रहिवासी ठरतो.

हे सामर्थ्य येते कोठून? परंपरा सांगते की ज्ञानदेव आणि त्यांची भावंडे ही संन्याशाची मुले म्हणून बहिष्कृत झाली होती. 'संन्याशाची मुले' हा शब्दप्रयोगच एक विरोध आहे, आणि तो त्यांनी अंगावर वागवला. मुंगीला आकाशात उडविणारी आणि तिच्याकडून सूर्य गिळविणारी मुक्ताबाई याच घरातली. विरोधाभास हे दुबळ्याचे बळ आहे. बलवानाच्या तोंडी तो केवळ चमत्कृती होतो.

हाच निकष आपल्या तरुण वाचकांच्या आवडत्या परदेशी अद्भुतकथेला लावून पाहावा. 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही टॉल्किन या कॅथलिक लेखकाची कादंबरी 1954-55 साली तीन खंडांत प्रसिद्ध झाली. तिच्यातले सामर्थ्यवान आणि ज्ञानी लोक सत्तेची अंगठी घेण्यास नकार देतात. ती वाहतो एक बुटका, साधा जीव. तोही अखेरच्या क्षणी हरतो, अंगठी टाकून देण्याचे नाकारतो. कार्य तडीस जाते ते पूर्वी एका नीच जिवाला दाखविलेल्या दयेमुळे. अंगठीच्या नाशाचा दिवस लेखकाने 25 मार्च ठेवला, म्हणजे आपला देवदूताच्या निरोपाचा सण. येथेही विरोध सुटत नाही. नायक हरला हे खरे, आणि त्याचे कार्य सिद्धीस गेले हेही खरे.

एक कबुली दिल्याखेरीज हा लेख प्रामाणिक ठरणार नाही. काही वर्षांपूर्वी एका चाळीत, तरुण मुलगा गमावलेल्या आईसमोर मी उत्साहाने बोललो: मरण हाच खरा जन्म, गमावणे हेच मिळविणे. तिने ऐकून घेतले आणि शांतपणे म्हटले, "फादर, तुम्हांला हे बोलायला काय लागतंय?" माझे सिद्धान्तज्ञान बिनचूक होते, पण त्या विरोधाचा भार मी उचललेला नव्हता, तो तिच्या खांद्यावर होता. त्या दिवशी माझ्या मडक्यात मूग शिजले नाहीत.

दुर्बळ असतो तेव्हाच आपण समर्थ असतो, या आशयाचे संत पौलाचे वचन आपण वेदीवरून वरचेवर ऐकतो. ते लिहिणाऱ्याने फटके आणि तुरुंगवास सोसला होता, हे मात्र आपण विसरतो. क्रूसावरचा पराभव हाच विजय, हे सांगण्याचा अधिकार क्रूसावर चढलेल्याचा. आपल्याला तो अधिकार मिळतो तो त्याच्या पायथ्याशी उभे राहण्यापुरताच. पवित्र मरिया तेथे उभी होती. शुभवर्तमानात त्या प्रसंगी तिच्या तोंडी एकही शब्द नाही.

त्या माउलीच्या घरी मी पुन्हा गेलो, तेव्हा फक्त बसून राहिलो. बऱ्याच वेळाने तिने चहा ठेवला.