जोसेफसने गाळलेले वासरू

आज आपण जोसेफसचे दोन ग्रंथ शेजारी ठेवून पाहू. पहिला ‘ज्यूंचे युद्ध’. जोसेफस हा गालीलमधला ज्यू सेनापती. इ.स. 67 मध्ये योटापाटा पडले आणि तो चाळीस साथीदारांसह गुहेत लपला. रोमनांच्या हाती सापडण्यापेक्षा मरायचे ठरले, चिठ्ठ्या टाकल्या. शेवटी दोघे उरले, आणि हा गेला की शरण! आपल्याला हे कळते कुठून? त्याच्याच ग्रंथातून. सारवासारव भरपूर आहे, पण प्रसंग लपवलेला नाही.

दुसरा ग्रंथ ज्यूंच्या प्राचीन इतिहासाचा, वीस खंडांचा. ग्रीक-रोमन वाचकांसाठी तो त्यात तोराह नव्याने सांगतो. काही घालणार नाही, काही गाळणार नाही, असे आरंभीच म्हणतो. आणि सोन्याच्या वासराची गोष्टच गाळतो! निर्गमच्या 32व्या अध्यायात ते वासरू घडवतो कोण, तर मोशेचा भाऊ अहरोन. ज्यू गाढवाचे डोके पूजतात, असे आरोप त्या काळी होत होते. परक्यांपुढे घरची अब्रू. कारण आपल्याला समजते.

आपला आक्षेप पुढे आहे. वासरू गेले की फोडलेल्या पाट्या जातात, आणि कोपलेल्या देवापुढे चुकलेल्या लोकांसाठी रदबदली करणारा मोशेही जातो. मग उरतो तो कर्तबगार सेनापती आणि कायदे देणारा. नेता मोठा कशाने, ते मात्र निसटते. आपल्याच माणसांची चूक धर्मग्रंथाने जपली, इतिहासकाराने पुसली. तेव्हा जोसेफस जरूर वाचू, पण तोराह शेजारी उघडी ठेवून.