खर्डा, तलवार आणि आपल्या कविता

दोस्तांनो, आपल्या पोरांच्या ज्या कविता हातात येतात, त्यात माझ्याही धरा, त्यातल्या निम्म्याअधिक कवितांत युद्ध असतं. रणांगण, तलवार, रक्ताचा सडा. रिंगखात्यात तिसऱ्या पाळीला तुटलेले धागे जोडता जोडता मला ओळी सुचतात आणि त्यात हटकून तलवार येते. ही तलवार येते कुठनं, आणि आज ती कुणाच्या कामाची, एवढंच मला तपासायचंय. मी दहावीपुढं शिकलो नाही. चुकलं तर कान धरा.

आपल्याच जिल्ह्यात, जामखेड तालुक्यात, खर्डा आहे. मार्च १७९५ मध्ये तिथं मराठे आणि निजाम लढले. पुस्तकात हा मोठा विजय म्हणून येतो. पण भांडण कशावरनं? चौथाईच्या थकबाकीवरनं. म्हणजे रयतेनं पिकवलेल्या दाण्यातला वाटा कुणी किती उचलायचा, याचा हिशेब. दोन्हीकडं कवायती पलटणी होत्या. निजामाकडं रेमाँ नावाचा फ्रेंच, शिंद्यांच्या पलटणीही फिरंग्यांनीच घडवलेल्या. शिपाई पगारी, आपल्यासारखेच. निजाम खर्ड्याच्या किल्ल्यात कोंडला गेला, मग तह झाला. दौलताबाद आणि कोटींच्या रकमा कबूल केल्या, दिवाण पेशव्यांच्या हवाली केला. पुढं आठच वर्षांनी, ऑगस्ट १८०३ मध्ये, वेलस्लीनं नगरचा भुईकोट घेतला.

याच लढाईतली शिदनाक महाराची गोष्ट आपल्याकडं सांगतात. छावणीत त्याचा तंबू बाकीच्यांच्या तंबूंत पडला म्हणून तक्रार झाली, आणि लढाईत जात बघायची नसते असं सांगून ती फेटाळली गेली. आपण ही गोष्ट छाती फुगवून सांगतो. मला ती टोचते. लढाई संपल्यावर शिदनाकानं तंबू कुठं ठोकला, हे गोष्टीत नाही. इंग्रजांनीही वेगळं काय केलं? कोरेगावच्या स्तंभावर आपली नावं कोरली आणि १८९० नंतरच्या दोनचार वर्षांत महारांची भरतीच बंद केली. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली तेव्हा १११ वी महार पलटण उभी केली, १९२१ ला मोडून टाकली. बदली कामगाराला हे समजावून सांगावं लागत नाही.

आता दुसरं खर्डा. २८ एप्रिल २०१४. सतरा वर्षांचं आपलं पोरगं. वरच्या जातीच्या मुलीशी बोलतो हा संशय. मारून झाडाला लटकवलं. खटला उभा राहिला, साक्षीदार एकामागनं एक उलटले, आणि नोव्हेंबर २०१७ मध्ये आरोपी निर्दोष सुटले. त्याआधी १ जानेवारी २०१३ ला सोनईत तीन मेहतर तरुणांचे खून झाले. तो खटला नाशिकला चालला, तिथं जानेवारी २०१८ मध्ये सहा जणांना फाशीची शिक्षा सुनावली. (खटला गावापासनं लांब नेला याला काही अर्थ आहे की नाही, तुम्हीच बघा.)

१७९५ च्या हिंसेला पलटण होती, निशाण होतं, शेवटी तह होता. २०१४ च्या हिंसेला यातलं काही नाही. पेपरवाले तिला ‘प्रकरण’ म्हणतात, आपण कवितेत ‘युद्ध’ म्हणतो. मला दोन्ही शब्द खोटे वाटतात. प्रकरण म्हटलं की एकट्यादुकट्याचं भांडण होतं. युद्ध म्हटलं की दोन बाजूंना हत्यारं आहेत असं होतं. त्या पोराकडं कसलं हत्यार होतं? कारणही जुनं राहिलं नाही. १९५८ च्या कायद्यानं वतनं गेली, येसकरकी सुटली, मेलेली ढोरं ओढणं आपण सोडलं, पोरं शाळेत गेली, राखीव जागेवर सरपंच झाली. वाकलेलो होतो तोवर लाथ पुरायची. उभं राहिलो तशी कुऱ्हाड निघाली.

बाबासाहेबांचं ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ आपण वाचतो, पण रोहिणी नदीचा भाग घाईनं उलटतो. पाण्यावरनं शाक्य आणि कोलिय भिडायला निघतात, संघ बहुमतानं युद्ध ठरवतो, सिद्धार्थ एकटा विरोधात जातो. तेव्हा सेनापती त्याला तलवारीची धमकी देत नाही. घरच्यांवर बहिष्कार घालू, जमिनी काढून घेऊ, असं सांगतो. बाबासाहेबांना हे हत्यार नेमकं ठाऊक होतं. आपल्या कवितेत ते क्वचित दिसतं.

मागल्या चौदा एप्रिलला एका वस्तीवर मी रणांगणाची कविता म्हटली. टाळ्या पडल्या. खाली उतरलो तर एक म्हातारी म्हणाली, “लेकरा, तलवारीचं लई झालं. गिरणीवाल्यानं माझं दळण माघारी धाडलं, त्याचं लिव्ह की.” दोन महिने त्या वस्तीचं दळण गावात कुणी घेत नव्हतं. बाया डबे डोक्यावर घेऊन शेजारच्या गावाला जात होत्या. हे मला वस्तीवर जेवूनसुद्धा कळलं नव्हतं. माझ्या ताटातली भाकरी कुठनं दळून आली, मी विचारलंच नव्हतं.

ती रणांगणाची कविता संपादकांनी या अंकासाठी मागितली होती. मी दिली नाही. दळणाच्या डब्यावर लिहायला बसलोय, अजून चार ओळींच्या पुढं सरकत नाही.