भिंतीवरचे नाव

दिवाळी जवळ आली की आमच्या शाळेच्या भिंतींना चुना लागतो. पोरांनी वर्षभर कोळशाने, खडूने, विटेच्या तुकड्याने जे जे लिहून ठेवलेले असते ते एका दिवसात पांढरे होऊन जाते. बेरजा जातात, शिव्या जातात, मास्तरांची चित्रे जातात. ज्यांची नावे कुणी द्वाडाने भलत्याच नावाशेजारी लिहिलेली असतात ते सुटकेचा निःश्वास टाकतात. गेली वीस वर्षे हे काम मी माझ्या देखरेखीखाली करवून घेत आलो. भिंत स्वच्छ झाली की मला बरे वाटे. ते बरे वाटणे आता पूर्वीसारखे निर्भेळ राहिलेले नाही, आणि त्याला कारण झाले परदेशी पाहिलेले एक लहानसे प्रदर्शन.

आधीच सांगून टाकतो, मी चित्रकलेचा जाणकार नव्हे. शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे, पुढे पोटासाठी मास्तरकी आणि हौसेसाठी कादंबऱ्या. तेव्हा चित्रांतील रेषा आणि रंगसंगती यांविषयी ज्यांना ऐकावयाचे असेल त्यांनी हे पान खुशाल उलटावे. मला जे दिसले ते मास्तराच्या डोळ्यांना दिसले.

माझी धाकटी बहीण यजमानांच्या नोकरीमुळे बर्लिनला असते. २०२२ साली शाळेला सुट्टी लागताच तिने आग्रहाने बोलावून घेतले. पंधरा वर्षांच्या भाचीने मामाला शहर दाखवण्याची कामगिरी आपल्याकडे घेतली आणि पहिल्याच दिवशी मला भिंतीपाशी नेऊन उभे केले. भिंत म्हणजे ती प्रसिद्ध भिंत, १९६१ साली शहराच्या मधोमध उभी राहिलेली आणि १९८९ च्या नोव्हेंबरात कोसळलेली. तिचा एक लांबलचक तुकडा, तेराशे मीटरांहून थोडा अधिक, श्प्रे नदीच्या काठी राखून ठेवला आहे. भिंत पडल्यावर, १९९० साली, एकवीस देशांच्या ११८ चित्रकारांनी तो रंगवला. पडण्यापूर्वी या भिंतीला दोन तोंडे होती. पश्चिमेकडचे तोंड चित्रांनी आणि घोषणांनी माखलेले असे, आणि पूर्वेकडचे कोरे; कारण त्या बाजूने भिंतीजवळ जाणे म्हणजे गोळी खाणे. कोऱ्या भिंतीचाही एक अर्थ असतो, हे मला तिथे प्रथम कळले.

त्या तुकड्यावर सर्वांत मोठी गर्दी असते ती ब्रेझनेव्ह आणि होनेकर या दोन म्हाताऱ्या पुढाऱ्यांच्या चुंबनाच्या चित्रापाशी. द्मित्री व्रुबेल या रशियन चित्रकाराने ते १९९० साली काढले. मी हरखून पाहत होतो, तेवढ्यात भाची म्हणाली, "मामा, हे ते नव्हे. पहिले खराब झाले होते, म्हणून २००९ मध्ये पुसून त्याच्याकडूनच पुन्हा काढून घेतले."

मला उगीचच फसल्यासारखे झाले. हात तोच, भिंत तीच, चित्रही तेच. तरी १९९० सालचा तो ताजा उतावळेपणा २००९ साली कोठून आणणार? आपल्याकडेही जीर्णोद्धार झालेल्या देवळात देव तोच असतो, पण म्हातारी माणसे जुन्या गाभाऱ्याची आठवण काढीत राहतात.

दोन दिवसांनी तिने फर्मावले, "मामा, आज म्युझियम. रस्त्यावरच्या चित्रांचे."

"तिकीट किती?" मी विचारले.

"फुकट."

"मग बेताचेच असणार."

"तू बघ तरी!"

त्या संग्रहालयाचे नाव अर्बन नेशन. ते २०१७ साली उघडले. ब्यूलोश्ट्रासे नावाच्या रस्त्यावरच्या एका जुन्या इमारतीत ते आहे. जवळच उंच लोखंडी पुलावरून शहराची रेल्वे धावते. इमारतीचा दर्शनी भागसुद्धा चित्रांसाठी राखून ठेवलेला असून तेथील चित्र अधूनमधून बदलते. संग्रहालय म्हटल्यावर जो संगमरवरी धाक मनात उभा राहतो तो येथे नाही. भाजी आणायला निघालेल्या बाईने पिशवीसकट आत डोकावावे आणि कुणी हटकू नये, अशी ती जागा आहे. आत हिंडायला तास-दीड तास पुरतो.

एक गोष्ट मात्र मनात खटकली. हे संग्रहालय ज्या प्रतिष्ठानाने उभारले ते शहर-सरकारच्या मालकीच्या एका गृहनिर्माण कंपनीने काढलेले आहे. म्हणजे भिंतींच्या मालकानेच भिंतीवर रेघोट्या ओढणाऱ्यांसाठी घर बांधले! यात औदार्य आहे, नाही असे नाही. पण ज्याची भिंत त्याचीच परवानगी आणि त्याचेच कौतुक, असे झाले की विचारल्यावाचून लिहिण्यात जी धडधड असते ती कोठे राहणार?

ही शंका घेऊन मी आत गेलो. तेव्हा तिथे मार्था कूपर या अमेरिकन छायाचित्रकार बाईंच्या आयुष्यभराच्या कामाचे प्रदर्शन मांडलेले होते. २०२० च्या ऑक्टोबरात ते उघडले होते. कूपरबाई १९४३ साली बाल्टिमोर गावी जन्मल्या. वडिलांचे कॅमेऱ्याचे दुकान, त्यामुळे खेळण्यांच्या वयातच कॅमेरा हाती आला. तरुणपणी त्या थायलंडमध्ये इंग्रजी शिकवीत होत्या हे वाचले, आणि मास्तराला मास्तर भेटल्याचा आनंद मला झाला. पुढे १९७७ साली त्या 'न्यू यॉर्क पोस्ट' या दैनिकात छायाचित्रकार म्हणून लागल्या. कामावरून परतताना शहराच्या गरीब वस्तीतून येत, आणि फिल्ममध्ये उरलेल्या जागेत तिथल्या पोरांचे खेळ टिपीत. त्या खेळांत मोडक्या सामानातून केलेल्या गाड्या होत्या, पडक्या घरांतल्या उड्या होत्या आणि गच्चीवर पाळलेली कबुतरे होती. त्या वस्तीत वर्तमानपत्रे जायची ती खून झाला म्हणजे; ही बाई गेली ती पोरे खेळत होती म्हणून.

त्यांतल्याच एका पोराने त्यांना आपली वही दाखवली. वहीत चित्रासारखी वळवून वळवून काढलेली अक्षरे होती. बाईंनी विचारपूस केली तेव्हा कळले की हे त्याचे स्वतःचे नाव, भिंतीवर लिहिण्यापूर्वी तो त्याचा सराव करतो आहे. त्या पोराने बाईंना डॉंडी या नावाने लिहिणाऱ्या तरुणाची ओळख करून दिली आणि एक निराळेच जग उघडले. न्यू यॉर्कची ही पोरे रात्री रेल्वेच्या आगारात शिरत, उभ्या गाड्यांवर स्प्रेच्या डबड्यांनी आपापली नावे रंगवीत, आणि सकाळी ती नावे साऱ्या शहरातून धावत. नाव लिहिण्याची ही चाल त्याआधीची. १९७१ साली 'न्यू यॉर्क टाइम्स'ने ताकी १८३ अशी सही जागोजाग करणाऱ्या एका पोराची बातमी छापली होती. त्यातला १८३ हा त्याच्या रस्त्याचा क्रमांक. आपल्याकडे आडनावात गाव असते, त्याच्या नावात गल्ली होती, एवढेच.

प्रदर्शनाचे खरे बळ या छायाचित्रांत आहे. एका चित्रात डॉंडी दोन गाड्यांच्या मधल्या चिंचोळ्या जागेत पाय फाकून उभा आहे आणि डोक्याच्या वर हात नेऊन रंग उडवतो आहे. ते वर्ष १९८०. घसरला तर वाचवायला कुणी नाही आणि पाहायला या बाईंखेरीज कुणी नाही. इतर चित्रांत दक्षिण ब्राँक्सच्या ओसाड जागा आहेत. पाठीमागे जळालेल्या, काचा फुटलेल्या इमारती, आणि त्यांच्यामधून एखादी वरात निघावी तशी रंगवलेली गाडी चालली आहे. अशा एकेका चित्रासाठी बाई तासन्‌तास मोकळ्या प्लॉटवर उन्हाची आणि गाडीची वाट पाहत उभ्या असत. ही चित्रे पाहताना जवळच्या पुलावरून बर्लिनची खरी गाडी धडधडत गेली, आणि भाचीने व मी एकदमच एकमेकांकडे पाहिले.

कूपरबाईंनी हेन्री चॅल्फंट या दुसऱ्या छायाचित्रकारासह 'सबवे आर्ट' हे पुस्तक केले. अमेरिकेतल्या प्रकाशकांनी ते आधी नाकारले. १९८४ साली ते लंडनहून निघाले. पुढे देशोदेशींच्या पोरांनी ते गिरवले. इकडे न्यू यॉर्कच्या रेल्वेने गाड्या धुण्याचा सपाटा लावला आणि १९८९ च्या मे महिन्यात शेवटची रंगवलेली गाडीही रुळांवरून काढल्याचे जाहीर केले. म्हणजे मी पाहत होतो त्यांतले एकही नाव आता त्या गाड्यांवर नाही. उरली ती ही छायाचित्रे.

प्रदर्शनाचा एक भाग मात्र मला उणा वाटला. कूपरबाईंच्या छायाचित्रांवरून निरनिराळ्या देशांच्या कलावंतांनी नव्याने केलेल्या कृती तिथे एकत्र मांडल्या होत्या. हातांत कसब आहे, रंग झगझगीत आहेत, बाईंविषयीचा आदरही खरा आहे. पण मूळ छायाचित्रात पोर आधी दिसते आणि रंग मागाहून. येथे रंगच रंग दिसतो, आणि पोराचा बाहुला होतो. लग्नातली खरी रडारड आणि नाटकातली पाठवणी यांत जो फरक असतो तो येथे आहे.

तेव्हा माझ्या मनातल्या शंकेचे उत्तर मला अर्धेच मिळाले. रस्त्यावरचे चित्र घरात आणता येते काय? माझ्या मते येत नाही. भिंतीवरचे चित्र हे अर्धे चित्र. उरलेले अर्धे म्हणजे चित्र पाहण्यासाठी न निघालेला, दळण घेऊन चाललेला माणूस. संग्रहालयात सारेच चित्र पाहायला निघालेले असतात. हे जाणूनच की काय, ब्लू या नावाने चित्रे काढणाऱ्या इटलीच्या चित्रकाराने दोनदा विलक्षण गोष्ट केली. बर्लिनच्या क्रॉइत्सबेर्ग भागातली त्याची दोन प्रचंड भित्तिचित्रे २०१४ च्या डिसेंबरात त्याच्या संमतीने काळी करण्यात आली. तिथे होऊ घातलेल्या बांधकामाला ती शोभा म्हणून मिळू नयेत हा हेतू. पुढे २०१६ च्या मार्चमध्ये बोलोन्या शहरात, भिंतींवरून उतरवलेली रस्त्यावरची चित्रे एका प्रदर्शनात मांडली जाणार असे कळताच त्याने वीस वर्षांतली तिथली आपली चित्रे करड्या रंगाने स्वतःच पुसली. ज्याने लिहिले त्यानेच पुसले, तर ते पुसणेही एक प्रकारचे लिहिणेच होय.

आपल्याकडेही असे स्थलांतर झालेच की. वारली घरातला लग्नचौक सुवासिनी मांडीत. भिंतीवर, त्या लग्नापुरता. सत्तरीच्या दशकात भास्कर कुलकर्णींसारख्या माणसांमुळे ते चित्र कागदावर आले, जिव्या सोमा मशे यांच्या हाताने जगभर गेले, २०११ साली त्यांना पद्मश्री मिळाली. त्याचा अभिमान वाटतोच. पण कागदाबरोबर कुंचला बव्हंशी पुरुषांच्या हाती गेला, हेही खरे. जिच्या घराची भिंत, ती मागे राहिली. राखून ठेवण्याची किंमत कुणीतरी देतच असते.

कूपरबाईंच्या कामाची थोरवी मला वाटते ती याचमुळे. त्यांनी काहीही उचलून आणले नाही. भिंत भिंतीच्या जागी, गाडी रुळावर, नाव पोराचे. बाईंनी फक्त साक्ष ठेवली. त्या छोट्या संग्रहालयाने ती साक्ष फुकट दाखवली हे फार मोठे काम केले.

बाहेर आल्यावर भाचीने विचारले, "मामा, गप्प का?" मी काही बोललो नाही. मला माझा एक विद्यार्थी आठवत होता.

पंधरा-सोळा वर्षांपूर्वीची गोष्ट. पाचवीतल्या एका पोराने शाळेच्या मागच्या भिंतीवर कोळशाने स्वतःचे नाव लिहिले. हातभर उंचीची अक्षरे, प्रत्येक अक्षराला वेलबुट्टी. नुकताच चुना लागला होता. मी त्याला बादली आणि काथ्या दिला आणि साऱ्या वर्गादेखत ते नाव धुवायला लावले. तो रडला नाही. पुसताना शेवटचे अक्षर मात्र तो फार हळू पुसत होता. त्याचे आईबाप ऊसतोडीला जात. दिवाळी झाली की बिऱ्हाड कारखान्यावर, ते उन्हाळ्यात परत. निम्मे वर्ष त्या पोराचे नाव माझ्या हजेरीपटावर रिकाम्या चौकटींपुढे नुसते पडून असे. पुढच्या वर्षी ते पटावरूनही गेले. आपण जाणार हे त्याला ठाऊक होते आणि जाण्यापूर्वी त्याने नाव लिहून ठेवले, एवढा साधा अर्थ मला तेव्हा लागला नाही. तो लागायला बर्लिनला जावे लागले. त्या भिंतीचे छायाचित्र माझ्यापाशी नाही.

पोरांनी भिंती खराब कराव्यात असे माझे म्हणणे नाही. शाळेत तसे म्हणून चालणारही नाही. यंदाही चुना लावलाच. पण आदल्या दिवशी फोन घेऊन मी चारी भिंतींभोवती फिरलो आणि जे जे लिहिले होते त्याचे फोटो काढले. शिपाई हसला. पोरे मात्र मागे मागे आली आणि हे कोणी लिहिले, ते कोणी लिहिले, हे न विचारता सांगू लागली; एरवी छडी उगारली तरी सांगत नाहीत.

आता भिंत पांढरी आहे. फटाके संपले की पोरे पुन्हा कोळसा हाती घेतील. काही पोरे तोवर कारखान्यांच्या वाटेला लागलेली असतील. त्यांची नावे या वर्षी माझ्यापाशी आहेत.