डोक्यावरचें झाड

शहरांतील माणसाचें एकटेपण हा विषय पाश्चात्त्य वाङ्मयांतून आपणांकडे आला, अशी समजूत सुशिक्षित वर्गांत रूढ आहे. कोजी यामामुरा ह्या जपानी चित्रकाराचा 'आतामायामा' (२००२) हा दहा मिनिटांचा अ‍ॅनिमेशनपट पाहिल्यावर ती टिकणें कठीण आहे, असें आम्हांस वाटतें.

त्याचें कथानक राकुगो ह्या जुन्या जपानी कथनप्रकारांतलें आहे. एक कृपण गृहस्थ कांहींच टाकवत नाहीं म्हणून चेरीच्या बियाही गिळतो. त्याच्या डोक्यावर झाड उगवतें. बहर येतांच माणसें तेथें जमून खातात, पितात, धिंगाणा घालतात. त्रासून तो झाड उपटतो, तर त्या खळग्यांत पाणी सांचून तळें होतें, आणि माणसें पुन्हां येतात. अखेर आपल्याच डोक्यावरील तळ्यांत तो उडी घेतो. यामामुरांनीं ही कथा आजच्या टोकियोंत आणली व शामिसेन ह्या तंतुवाद्याच्या साथीवर सांगविली. आपल्या कीर्तनकारानें पूर्वरंग सोडून एकदम आख्यानास हात घालावा, तसा तिचा थाट आहे.

गीतांजली राव ह्यांचा 'प्रिंटेड रेनबो' (२००६) ह्याच विषयाचा. कान येथील समीक्षक सप्ताहांत त्याचा गौरव झाला. करड्या शहरांत एका मांजरासह राहणारी वृद्धा आगपेट्यांवरील रंगीत चित्रांत शिरते, आणि तेथें तिला जग सांपडतें. चित्रण हृद्य आहे. परंतु येथें सारा दोष शहराचा, आणि वृद्धा सर्वस्वी निर्दोष. त्यामुळें प्रेक्षकाचे डोळे ओलावतात, पण त्याची झोंप मोडत नाहीं. यामामुरांचा कृपण मात्र आपणांपैकींच एक आहे. ज्याला साधी बी टाकवली नाहीं, त्याच्याच माथीं झाड बसलें. मग गर्दीवर रागावण्याचा त्याचा अधिकार कितीसा?

मीरा रोडसारख्या उपनगरांत हें विशेष पटतें. मिठागरांच्या शेजारीं इमारतींमागून इमारती उठल्या. सकाळच्या लोकलमध्यें श्वास घ्यावयास जागा नाहीं, आणि रात्रीं समोरच्या दारामागें कोण राहतें हें ठाऊक नाहीं. गर्दीस दोष देतांना आपलें दार कोणीं लावून घेतलें, हा प्रश्न आपण टाळतों. यामामुरा तो टाळूं देत नाहींत. त्यांची अखेरची उडी कांहींशी कोड्यासारखी वाटते, हें खरें. तथापि हा पट मुलांपुढें टाकून वडीलधाऱ्यांनीं दुसऱ्या खोलींत जाऊं नये. मुलें झाड पाहून हंसतील. तें कोणाच्या डोक्यावर आहे, हें ओळखण्याचें काम मोठ्यांचें आहे.