परक्या स्वरांचा भाष्यकार

मागे एका रविवारी येथील मराठी मंडळाच्या वाचनालयात काही स्नेही जमले असता पाश्चात्य संगीताचा विषय निघाला आणि एका गृहस्थांनी विचारले, "वाद्यवृंदापुढे छडी घेऊन उभा राहणारा तो मनुष्य करतो तरी काय? रचना दुसऱ्याची, वाजवणारे दुसरे. टाळ्या मात्र याला!" सगळे हसले. आम्हीही हसलो. परंतु घरी परतताना ते हसू आमच्या मनास टोचू लागले. दिवसभर सरकारी कचेरीत दुसऱ्यांचे मसुदे नीटनेटके करण्यात ज्याचे आयुष्य चालले आहे, त्याला 'परक्याच्या मजकुराची सेवा' ही गोष्ट इतक्या सहज हसण्यावारी नेता येत नाही. या प्रश्नाचे उत्तर एका माणसाच्या चरित्रात सापडते, अशी आमची समजूत आहे. तो माणूस म्हणजे जर्मन पियानोवादक व वाद्यवृंदसंचालक हान्स फॉन ब्यूलो.

ब्यूलोचा जन्म ८ जानेवारी १८३० रोजी ड्रेस्डेन येथे झाला. लहानपणी त्याला पियानोचे धडे फ्रीड्रिख वीक यांच्याकडे मिळाले. क्लारा शूमान या विख्यात पियानोवादिकेचे हे वडील. मुलाने कायदा शिकावा अशी घरची इच्छा होती व तो त्या अभ्यासास लागलाही होता. परंतु १८५० साली लिस्टने वायमार येथे वाग्नरचे 'लोहेनग्रिन' प्रथम रंगभूमीवर आणले. तो प्रयोग ब्यूलोने पाहिला, आणि कायद्याची पुस्तके कायमची मिटली. पुढे तो लिस्टचा शिष्य झाला. लिस्टच्या बी मायनर सोनाटाचे पहिले जाहीर वादन १८५७ साली बर्लिनमध्ये त्यानेच केले आणि त्याच वर्षी लिस्टची कन्या कोझिमा हिच्याशी त्याचा विवाह झाला.

येथून पुढची हकीकत बहुतेकांना ठाऊक असते, आणि दुर्दैवाने तेवढीच ठाऊक असते. वाग्नरच्या 'ट्रिस्टान उंड इझोल्ड' या ऑपेराचा पहिला प्रयोग १० जून १८६५ रोजी म्यूनिक येथे ब्यूलोच्या संचालनाखाली झाला. त्याच वर्षी एप्रिल महिन्यात कोझिमाला कन्या झाली. तिचे नाव इझोल्ड, आणि तिचा पिता वाग्नर. असे असूनही १८६८ साली 'मायस्टरझिंगर'चा पहिला प्रयोग ब्यूलोनेच उभा केला. १८७० साली घटस्फोट झाला आणि कोझिमा वाग्नरची पत्नी झाली.

या प्रकरणामुळे चरित्रकारांच्या लेखी ब्यूलो म्हणजे फसवला गेलेला पती, एक करुण पात्र, होऊन बसला आहे. आम्हांस ही दृष्टी अपुरी वाटते. पत्नी ज्याच्याकडे गेली त्याची कलाकृती उत्तम रीतीने सादर करणे ही दुबळेपणाची खूण आहे काय? वाग्नर हा मनुष्य आणि 'ट्रिस्टान' ही कृती या दोन वस्तू भिन्न आहेत, हे ब्यूलोने बोलून दाखवले नाही, करून दाखवले. पुढे बायरॉइट येथील वाग्नरच्या नाट्यगृहासाठी त्याने मैफली करून पैसाही उभा केला. यात मनाला किती यातना झाल्या असतील याची कल्पनाच करावी. पण कृतीवरील निष्ठा व्यक्तीवरील रागाहून मोठी ठरली, हे मान्य करावेच लागते.

घटस्फोटानंतरचा ब्यूलो हा प्रथमतः पियानोवादक होता. चायकोव्हस्कीच्या पहिल्या पियानो कंचेर्टोची निकोलाय रुबिनस्टाइनने कठोर निर्भर्त्सना केली, तेव्हा ती रचना ब्यूलोला अर्पण झाली, आणि २५ ऑक्टोबर १८७५ रोजी बॉस्टन येथे त्याने ती जगापुढे प्रथम वाजवली. आज जी कृती जगभर ऐकली जाते, तिच्यावर पहिला विश्वास टाकणारा वादक हा होता. अमेरिकेच्या त्या एका दौऱ्यात त्याने १३९ मैफली केल्या.

तथापि त्याचे खरे कर्तृत्व आम्हांस दिसते ते मायनिंगेन या लहानशा संस्थानात. १८८० ते १८८५ या काळात तेथील दरबारी वाद्यवृंद त्याच्या हाती होता. वादक जेमतेम पन्नास. मोठमोठ्या राजधान्यांतील वाद्यवृंदांशी संख्येने बरोबरी करणे अशक्य. तेव्हा त्याने शिस्तीचा मार्ग धरला. तंतुवाद्यांची तालीम निराळी, सुषिरवाद्यांची निराळी. प्रत्येक गट पक्का झाल्यावर मग सर्वांची एकत्र. वादकांनी रचना मुखोद्गत करावी, ती उभे राहून वाजवावी, असा त्याचा दंडक होता. तो स्वतःही पुढ्यात स्वरलेखन न ठेवता संचालन करी. हा चिमुकला वाद्यवृंद जेव्हा दौऱ्यावर निघाला, तेव्हा थोर शहरांना आपले वाद्यवृंद किती गबाळे वाजवतात याची जाणीव झाली. आधुनिक संचालकाचा व्यवसाय येथे घडला, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. ब्राम्सच्या चौथ्या सिंफनीची तयारी येथेच झाली व २५ ऑक्टोबर १८८५ रोजी स्वतः ब्राम्सने ती प्रथम सादर केली. तरुण रिखार्ड श्ट्राउसला हाताशी घेऊन घडवले तेही येथेच. पुढे १८८७ पासून त्याने बर्लिन फिलहार्मोनिकच्या मैफलींना जी उंची दिली, तिचा पाया मायनिंगेनचा होता.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. परक्याची रचना सादर करणारा कलावंत दुय्यम खरा काय? आपल्या संगीतात हा प्रश्न या स्वरूपात उद्भवत नाही. बंदिश सदारंगाची असली तरी तीवर उभारलेली इमारत गायकाची असते. परंतु वाङ्मयात आपल्याला याचे उत्तर फार पूर्वीच मिळाले आहे. ज्ञानेश्वरी ही गीतेवरील टीका आहे; तिला दुय्यम म्हणण्याचे धाडस कोणता मराठी मनुष्य करील? टीकाकार मूळ ग्रंथाचा अर्थ सांगतो खरा, पण तो अर्थ त्याच्यावाचून प्रकट झालेला नसतो. ब्यूलो हा स्वरांचा टीकाकार होता. बीथोव्हेनची नववी सिंफनी त्याने एकाच मैफलीत दोन वेळा वाजवली. श्रोत्यांना एकदा ऐकून ती कळणार नाही, असा त्याचा हिशोब. यात शिक्षकाचा हट्ट आहे, आणि टीकाकाराची तळमळही आहे.

अर्थात टीकाकाराचा दोषही त्याच्यात पुरेपूर होता. मूळ संहितेपेक्षा आपले म्हणणे मोठे मानण्याचा मोह त्याला आवरत नसे. बीथोव्हेनच्या सोनाटांची त्याने सिद्ध केलेली आवृत्ती अनेक पिढ्यांनी अभ्यासली; पण तीत बीथोव्हेन कोठे संपतो व ब्यूलो कोठे सुरू होतो, हे विद्यार्थ्याला समजणे कठीण. १८९२ साली तर त्याने बर्लिनमध्ये 'एरोइका' सिंफनी वाजवून व्यासपीठावरून भाषण केले आणि ती बिस्मार्कला अर्पण केली. नेपोलियन सम्राट झाल्याचे कळताच ज्या कृतीवरील त्याचे नाव बीथोव्हेनने संतापाने काढून टाकले, त्याच कृतीवर दुसऱ्या एका सत्ताधीशाचे नाव चढवणे हा भाष्यकाराचा अधिकार नव्हे. येथे ब्यूलोने मर्यादा ओलांडली, असे आम्ही स्पष्ट म्हणतो. ज्ञानेश्वरीकारांची नम्रता त्याच्यापाशी नव्हती.

नव्याचा हा पुरस्कर्ता अखेरीस नव्याला पारखाही झाला. हॅम्बुर्गमध्ये तरुण गुस्ताव माहलरच्या संचालनाची त्याने मनापासून वाखाणणी केली. पण त्याच माहलरने आपली नवी रचना पियानोवर वाजवून दाखवताच त्याने कानांवर हात ठेवले. ब्यूलो १२ फेब्रुवारी १८९४ रोजी कैरो येथे वारला. मार्च महिन्यात हॅम्बुर्गच्या चर्चमध्ये अंत्यविधी झाला, तेव्हा मुलांच्या वृंदाने क्लोपश्टोकचे पुनरुत्थानाचे स्तोत्र गायले. श्रोत्यांत माहलर बसला होता. ज्या रचनेवर ब्यूलोने कान झाकले होते, ती आता त्याच्या दुसऱ्या सिंफनीचा पहिला भाग झाली होती. तिचा शेवट काही केल्या सापडत नव्हता. तो त्या दिवशी त्या स्तोत्रात सापडला.

ब्यूलोचे वादन वा संचालन आज आपल्याला ऐकता येत नाही. रचनाकाराची कृती कागदावर उरते. भाष्यकाराचा स्वर हवेत विरतो. असे असूनही 'ट्रिस्टान', चायकोव्हस्कीचा कंचेर्टो आणि ब्राम्सची चौथी सिंफनी यांच्या जन्मवेळी हा मनुष्य हजर होता. वाचनालयातील त्या स्नेह्यांना आम्ही पुढल्या रविवारी एवढेच सांगणार आहो: छडी धरणाऱ्याच्या हातून एकही स्वर निघत नाही हे खरे, परंतु त्या हाताने आपले काम चोख केले नसते तर त्यांतील कित्येक स्वर कागदावरच पडून राहिले असते.